सुऱ्यांच्या सुया

पान १४२. नागपुरात इतवारीतल्या बंद गोदामात चोर अंधारातून पुढे येतो आणि मन्या ओरडतो, "त्याच्या हातात सुया आहेत बे!" मी लिहिलं होतं, सुऱ्या. माझ्या पहिल्या किशोर कादंबरीतला हा सगळ्यात थरारक प्रसंग.

लिहायला दीड वर्ष लागलं, प्रकाशक तिसऱ्या प्रयत्नात मिळाला, दहा टक्के रॉयल्टीचा करार झाला. त्यात सांगण्यासारखं काही नाही. गोष्ट आपल्या मारबतीची, म्हणजे नागपुरातल्या पुतळ्यांच्या मिरवणुकीची. पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी बडग्या, म्हणजे नकोशा गोष्टीचा पुतळा, घेऊन निघालेले तीन पोट्टे आणि त्यांच्या हाती लागलेली एक भलतीच वस्तू. फाईल बर्डीवरच्या डीटीपीवाल्यांकडे, म्हणजे छपाईसाठी पानं लावून देणाऱ्यांकडे गेली आणि तिथे पाच महिने अडकली.

पहिलं प्रूफ आलं, १७६ पानं. 'दुसऱ्या'चं 'दुसया', 'बिचाऱ्या'चं 'बिचाया', 'खऱ्या'चं 'खया'. गंमत म्हणजे हे फक्त पहिल्या सात आणि शेवटच्या प्रकरणात. मधली सगळी प्रकरणं स्वच्छ. लाल पेनानं खुणा करकरून बोट दुखायला लागलं. दुसऱ्या प्रूफात निवेदनातल्या चुका गेल्या, संवादातल्या मात्र तशाच. मी तणतणत दुकानात गेले. ऑपरेटर भाऊ शांतपणे म्हणाले, "ताई, मला वाटलं ती तुमची वऱ्हाडी आहे."

यावर बोलणार काय? माझे पोट्टे 'डोया', 'काया', 'पोया' असंच बोलतात. आमच्याकडे ळ चा य होतो, मग तान्ह्या पोळ्यातला 'काया बैल' चालतो तर 'सुया'नं काय घोडं मारलं? तिकडे प्रकाशकांच्या मुद्रितशोधक बाईंनी 'डोया'चा 'डोळा' करून ठेवला होता आणि 'सुया'ला हातही लावला नव्हता. सुया हा शुद्ध शब्द आहे ना!

कारण भाच्यानं शोधून दिलं. 'सुऱ्या'तला तो अर्धा र संगणकात दोन तऱ्हांनी साठवला जातो. एका तऱ्हेत ऱ हे वेगळं अक्षर आणि हलंत, म्हणजे पाय मोडायचं चिन्ह. दुसरीत साधा र, हलंत आणि मागे डोळ्यांना न दिसणारं एक जोडचिन्ह. दिसायला दोन्ही सारखेच. पहिली सात प्रकरणं आणि शेवट मी फोनवर लिहिला होता, बाकी लॅपटॉपवर. दुकानातला फाँट युनिकोडच्या, म्हणजे आता सगळीकडे चालणाऱ्या अक्षरपद्धतीच्या, आधीचा; त्यात फाईल बदलताना त्यांचं सॉफ्टवेअर एक तऱ्हा ओळखायचं आणि दुसरी गिळायचं.

हे सांगितल्यावर भाऊ म्हणाले, "मग सोपं आहे." मी नको नको म्हणेपर्यंत त्यांनी 'आया'नं संपणारे सगळे शब्द एका झटक्यात 'आऱ्या' करून टाकले. 'बिचाया' सुधारलं. पण छायाआजी झाली छाऱ्याआजी, मेहनत 'वाऱ्या' गेली आणि काया बैल 'काऱ्या' झाला. पुढच्या मारबतीत या फाँटचा बडग्या काढायचा, हे मी तिथेच ठरवलं.

शेवटी मे महिन्यात, बाहेर पंचेचाळीस डिग्री, कूलरसमोर स्टुलावर चार दुपारी त्यांच्या शेजारी बसले. मी मोठ्यानं वाचायची, ते दुरुस्त करायचे. तिसऱ्या दिवशी ते मध्येच थांबले आणि म्हणाले, "थांबा ताई, त्या गोदामात पुढे काय होते?" त्या एका वाक्यावर माझा निम्मा राग उतरला. निम्मा अजून आहे.

तुम्ही लिहीत असाल तर अख्खी फाईल देण्याआधी एकच पान द्या. त्यात दुसऱ्या, सुऱ्या, तऱ्हा, ॲडमिशन, कॅप्टन हे शब्द मुद्दाम घाला आणि काय छापून येतं ते बघा. बोलीतल्या शब्दांची यादी मुद्रितशोधकाला आधीच द्या. मी ती तिसऱ्या प्रूफानंतर दिली. आणि हो, आयएसबीएन, म्हणजे पुस्तकाचा ओळख क्रमांक, सरकारकडून फुकट मिळतो. मला एका आधीच्या प्रकाशकानं त्याचे पैसे सांगितले होते, तिथून मी परत फिरले ते बरंच झालं. महाराष्ट्र राज्य साहित्य आणि संस्कृती मंडळ नवलेखकांना पहिल्या पुस्तकासाठी अनुदान देतं, हे मला पुस्तक छापून झाल्यावर कळलं. तुम्ही आधी चौकशी करा.

गठ्ठा घरी आला तेव्हा मी उभ्याउभ्याच पान १४२ उघडलं. सुऱ्या! दोन्ही हातांत, लखलखीत. आईला दाखवलं, भाच्याला फोटो पाठवला. मग पुस्तक उलटं केलं. मागे माझा फोटो आणि खाली, 'लेखिका वहाडी बोलीत लिहितात.'

कव्हरची फाईल वेगळी असते, हे मला कोणी सांगितलं नव्हतं. १९५४ च्या कायद्यानुसार प्रत्येक पुस्तकाची एक प्रत कोलकात्याच्या राष्ट्रीय ग्रंथालयात जावी लागते. माझीही गेली, वहाडीसकट.