तुम्ही विचारलंत म्हणून: पगारी इतिहासकाराचं किती खरं धरायचं?

"ज्याचा पगार ड्यूकच्या तिजोरीतून, त्याचं लिखाण इतिहास म्हणून वाचायचंच कशाला?" पंधराव्या शतकातल्या बर्गंडीच्या (आजच्या फ्रान्स-बेल्जियमच्या भागातलं ड्यूकचं राज्य) दरबाराचा विषय निघाला की हा प्रश्न येतोच, आणि पाठोपाठ, "म्हणजे आपले भाटच की!" हेही. एकदाच काय ते सांगून टाकतो.

पगाराचं लपवण्यासारखं काही नाही. १४५५ साली ड्यूक फिलिप द गुडने जॉर्ज शातलँला इतिवृत्त लिहायला नेमलं, रोज ३६ सू देऊन. २० सूंचा एक लिव्र, म्हणजे वर्षाचे ६५७ लिव्र. वर व्हालेन्सिएनच्या वाड्यात राहायची सोय. मग त्याने मालकाची स्तुती केली का? केली की, पानंच्या पानं. ती वाचताना मलाही जांभया येतात. पण मग जानेवारी १४५७ चं प्रकरण त्याने का लिहिलं, हे विचारणाऱ्यांनीच मला सांगावं.

ड्यूकचा मुलगा शार्ल तेव्हा तेवीस वर्षांचा. त्याच्या पदरी चेंबरलेनची, म्हणजे खासगी सेवेतल्या मानकऱ्याची, एक जागा होती. बापाला तिथे क्रॉय या सरदार घराण्यातला माणूस हवा होता, मुलाला चान्सलर, म्हणजे ड्यूकचा मुख्य मंत्री, रोलँ याचा मुलगा. ब्रसेल्सच्या राजवाड्यात प्रार्थना आटोपल्यावर ड्यूकने शार्लला खासगी देवघरात बोलावलं. आई इझाबेलाही तिथेच. मुलगा अडून बसला, माझ्या पदरच्या नेमणुकांचा लेखी आदेश आहे म्हणाला. आण तो, म्हणाला ड्यूक. कागद हातात आला तसा आगीत टाकला: आता नवा करून घे जा! मग ड्यूक असा भडकला की इझाबेलाने मुलाला पुढे घालून बाहेर काढलं. वाटेतलं दार बंद. किल्ली देवघराच्या कारकुनाकडे, आणि हा भला माणूस गुडघे टेकून विनवतोय, आधी वडिलांची माफी मागा. डचेस म्हणते, बाबा रे, लवकर उघड, नाहीतर मेलो आम्ही.

इथे थांबलं असतं तरी पुष्कळ होतं. पण साठीचा ड्यूक संध्याकाळी एकटाच घोड्यावर बसून निघाला. बर्फ वितळू लागलेलं, धुकं पडलेलं, रानात वाट चुकलेली. शेवटी आसरा मिळाला तो एका गरिबाच्या झोपडीत. फ्रान्सचा युवराज लुई तेव्हा ब्रसेल्समध्येच त्याचा आश्रित म्हणून होता, म्हणजे पाहुण्यादेखत शोभा! दुसऱ्या दिवशी सरदार फिलिप पो त्याला भेटला आणि म्हणाला, "हे काय महाराज, राजा आर्थर झालात की लान्सलॉट?"

यातले संवाद शब्दशः खरे आहेत असं मी कुणालाही सांगणार नाही. देवघरातलं बोलणं शातलँपर्यंत कुणाच्या तरी तोंडून आलं असणार, आणि त्याला नाटक रंगवायची हौस होती. पण अब्रू राखण्याचे पैसे घेणारा माणूस मालकाला अंधारात झोपडी शोधायला लावत नाही.

आता भाटांचं. तुम्ही ज्याला भाट म्हणता तो दरबारातला हेराल्ड हा कवने गाणारा नव्हे, तो खात्याचा माणूस. पर्सिव्हंट, हेराल्ड, किंग ऑफ आर्म्स अशी बढतीची पायरी. ढालीवरच्या चिन्हावरून सरदार ओळखायचा, शत्रूकडे निरोप न्यायचा, लढाईनंतर मेलेले ओळखायचे. खोट आहे ती इथे: चिन्ह नसलेला धनुर्धारी त्याला ओळखूच येत नाही. म्हणून मेलेल्यांच्या यादीत सरदार नावानिशी आणि पायदळ ढोबळ आकड्यात. ज्याँ ल फेव्र १४१५ साली अ‍ॅजिनकोर्टच्या लढाईत इंग्रजांच्या बाजूला होता. पुढे तो गोल्डन फ्लीस या ड्यूकच्या मानाच्या सरदार-मंडळाचा किंग ऑफ आर्म्स झाला. सदस्यांचे पराक्रम गोळा करून नोंदणीकाराला कळवायचे, हे या पदाचं कलमात लिहिलेलं काम. म्हातारपणी त्याने आपली टिपणं शातलँला दिली. १७ फेब्रुवारी १४५४ ला लीलच्या मेजवानीत, जिवंत फेझंट पक्षी समोर धरून, क्रुसेडच्या, म्हणजे तुर्कांविरुद्धच्या धर्मयुद्धाच्या, शपथा सुरू झाल्या. त्या आटपेनात तेव्हा उरलेल्या लेखी या ल फेव्रकडे द्यायला सांगितल्या. वाचा त्या. 'जर', 'तर', 'तब्येतीने साथ दिली तर'. स्वतः ड्यूकचीही शपथ अटींसकट. स्तुतिपाठक असल्या अटी जपून ठेवतो का?

दरबारी विदूषकांबद्दल थोडक्यात, कारण तिथे तुमचा संशयच बरोबर आहे. मादाम द'ऑर ही सोनेरी केसांची ठेंगणी बाई फिलिपला हसवायची. तिच्या तोंडचं काही हाती लागत नाही. शार्लचा विदूषक ल ग्लोरिय १४७६ च्या पराभवानंतर "महाराज, आपण छान हॅनिबल झालो" म्हणाला, असं सांगतात (हॅनिबल म्हणजे रोमशी लढलेला प्राचीन सेनापती). इतकं नेमकं विनोदी वाक्य मला नेहमीच संशयास्पद वाटतं. शिवाय १४५७ मध्ये विदूषकाचं काम सरदाराने केलंच होतं.

एकेकाळी मीही ठासून म्हणायचो, पगार आला की सत्य गेलं. त्या जुन्या माणसाशी भांडण अजून मिटलेलं नाही, कारण त्याच्याकडे मोंस्त्रले आहे, त्याच काळचा आणखी एक इतिवृत्तकार. मे १४३० मध्ये फ्रान्समधल्या कॉम्पिएन्यला जोन ऑफ आर्क, इंग्रजांशी लढणारी फ्रेंच तरुणी, पकडली गेली, ड्यूक तिला भेटायला गेला, मोंस्त्रले तिथे हजर होता. दोघं काय बोलली? तो लिहितो, आठवत नाही. पण तो काही ड्यूकचा नेमलेला इतिहासकार नव्हता. नोकरीत होता लक्झेंबर्ग घराण्याच्या, आणि जोन पकडली गेली ती त्याच घराण्याच्या हाती. लिहिण्याचे पैसे घेणारा देवघरातलं भांडण सांगतो, न घेणारा समोर घडलेलं विसरतो. तुमचा प्रश्न या दोघांना एकदम लावून बघा. मला तो अजून बसवता आलेला नाही.