तुम्ही विचारलंत म्हणून: परत घाण होणारच आहे, तर उचलता कशाला?

हा प्रश्न मला नातेवाइकांनी विचारलाय, रिक्षावाल्यांनी विचारलाय, आमच्याच नदीकाठचा कचरा उचलणाऱ्या ग्रुपमधून सोडून गेलेल्यांनीही विचारलाय. "रविवारी उचलता, बुधवारी बघा, जैसे थे." हो, जैसे थे. मी बुधवारीही तिथूनच जाते, मला दिसतं.

आता एकदा नीट सांगते. नाशिकमधल्या आमच्या नासर्डी नदीच्या काठावर जे पडतं ते तिथे राहत नाही. गंगापूर धरणातून पाणी सोडलं, गोदावरीच्या पात्रातल्या दुतोंड्या मारुतीच्या मूर्तीच्या कमरेला पाणी लागलं की आपण फोटो काढायला पुलावर जातो, त्याच दिवसांत नासर्डीलाही पूर असतो आणि तिच्या काठावरचं सगळं टाकळीच्या संगमातून गोदावरीत जातं, तिथून पुढे निफाडकडे, नांदूर मध्यमेश्वरला. २०२० मध्ये महाराष्ट्रातलं पहिलं रामसर स्थळ, म्हणजे जगात महत्त्वाची मानलेली पाणथळ जागा, म्हणून ज्याचं कौतुक केलं ना, तेच. म्हणजे मे महिन्यात भरलेलं पोतं हे जुलैत तिथे न पोचलेलं पोतं आहे. बुधवारी नवीन कचरा पडला म्हणून रविवारचा कचरा परत येत नाही, तो गेला तो गेलाच.

आणि आम्ही बाटल्या उचलून मिरवतो असं ज्यांना वाटतं त्यांनी एकदा येऊन बघावं. बाटल्यांना भंगारात भाव आहे, कचरा वेचणाऱ्या बायका त्या आमच्या आधीच नेतात. उरतात त्या गुटख्याच्या पुड्या, वेफर्सची चकचकीत पाकिटं, थर्माकोल, चिखलात रुतलेल्या पातळ पिशव्या, ज्यांच्यावर २०१८ पासून राज्यात बंदी आहे. ह्याला कुणी विचारत नाही, पोती बांधून घंटागाडीत द्यायची.

महापालिकेचं काम आहे, मान्य. अर्जही आम्हीच देतो.

पहिल्या वर्षीची मी असते तर वेगळं उत्तर दिलं असतं. तेव्हा मला वाटायचं की लोक आपल्याला वाकलेलं बघतील, त्यांना लाज वाटेल, थांबतील. तिला मी आता सांगते की बाई, लाज वगैरे कुणाला वाटत नाही, उलट साफ करणारे आहेतच म्हणून काही जण बिनधास्त टाकतात. ती म्हणते मग तू का येतेस अजून? तिथे आमचं भांडण अडकतं.

बाबांच्या दहाव्याचं मी आजवर कुठे लिहिलं नव्हतं. गंगेवर, म्हणजे गोदावरीच्या घाटावर, विधी झाले, पिंडाला कावळा शिवला, सगळे जरा सैल झाले आणि काकांनी बाबांचे कपडे भरलेली मोठी प्लॅस्टिकची पिशवी, वर गाठ मारलेली, तशीच पाण्यात सोडली. त्यात बाबांचे चौकडीचे शर्ट होते, शाल होती, चप्पल होती. ती बुडाली नाही, पायरीला लागून डुलत राहिली. मी दादाकडे बघितलं, तो ओल्या धोतरात खाली बघत उभा. मी म्हटलं, काका, पिशवीतून काढून तरी द्या ना, कुणाला तरी उपयोगी पडतील. काका म्हणाले, "अगं आज तरी तुझी ती संस्था बाजूला ठेव, बापाचा दहावा आहे." मी साडी नेसलेली, तशीच गुडघाभर पाण्यात उतरले आणि पिशवी ओढून बाहेर काढली. पाणी भरून ती इतकी जड झाली होती की पायरीवर आपटली आणि फाटली, शर्ट सगळ्यांसमोर पसरले. गुरुजी गप्प. आत्या रडायला लागली, ती आधीपासूनच रडत होती, पण तेव्हा आवाज करून. मी एकेक शर्ट पिळून गोळा केला, कुणी हात लावला नाही.

तेव्हापासून काका माझ्याशी बोलत नाहीत. चुलतबहिणीच्या लग्नाची पत्रिका आई आणि दादाच्या नावाने आली, माझं नाव नव्हतं. लोक म्हणतात तू कचऱ्यासाठी माणसं तोडलीस. मला ते मान्य नाही, मी पिशवी उचलली, बोलणं त्यांनी बंद केलं. पण रात्री झोप लागत नाही तेव्हा हेच वाक्य मलाही इतकं पक्कं वाटत नाही, हेही खरंय.

एक गोष्ट मात्र आई बरोबर पकडते. घाटावर दुसऱ्या कुणाच्या घरचा दहावा चालू असेल तर मी अडवत नाही. लांब थांबते, ते लोक गेले की मग काढते, आमच्या नवीन मुलांनाही तेच सांगते की दुःखातल्या माणसाला शिकवायला जायचं नाही. आई म्हणते, परक्यांसाठी थांबतेस, मग बाबांच्या वेळी अर्धा तास थांबली असतीस तर काय बिघडलं असतं? मी सांगते की ते बाबांचे कपडे होते, ते तसे वाहत जाताना मला बघवेना. आईला ते पटत नाही. तिचं म्हणणं की काकांनाही तो त्यांचाच भाऊ होता.