तुरिन : रोबेर्तो ओमेन्याच्या कॅमेऱ्यामागून

इटालियन चित्रपट म्हटला की रोम डोळ्यांसमोर येते. परंतु पहिल्या महायुद्धापूर्वी या धंद्याचे मोठे केंद्र होते ते आल्प्सच्या पायथ्याचे तुरिन. मी तेथे गेले ती रोबेर्तो ओमेन्या या छायालेखकासाठी. १८७६ साली याच शहरात जन्मलेला आणि १९४८ साली येथेच निवर्तलेला हा माणूस मोटारींच्या शर्यती, कथापट, शिकार, रुग्णालय आणि अखेरीस कीटकांचे जग अशा वाटेने कॅमेरा घेऊन गेला. भव्य देखाव्यांना सारे शहर भुलले असताना त्याने आपले कसब नुसत्या डोळ्यांना न दिसणाऱ्या गोष्टींकडे वळवले, आणि म्हणूनच मला तो त्या काळातील इतर कोणाहीपेक्षा मोठा वाटतो.

सुरुवात मी शहरात न करता सूझा या गावी केली. पोर्ता नुओव्हा स्थानकावरून आगगाडीने सुमारे तासाभरात तेथे पोहोचता येते. सम्राट ऑगस्टसच्या नावाची दोन हजार वर्षांची कमान गावात उभी आहे आणि तेथूनच मोंचेनिझिओ खिंडीचा चढ सुरू होतो. १९०४ साली या चढावरील मोटार शर्यत ओमेन्याने आर्तुरो आम्ब्रोझिओ याच्यासाठी चित्रित केली. आम्ब्रोझिओचे तुरिनमध्ये छायाचित्रणाच्या साहित्याचे दुकान होते आणि त्याची पुढे गाजलेली चित्रपट कंपनी अजून स्थापन व्हायची होती. त्या काळी कॅमेऱ्याचा दांडा हाताने, सेकंदाला साधारण दोन फेरे या एकाच लयीत फिरवावा लागे. एका फेऱ्यात आठ चित्रे उमटत. धुरळा उडवत मोटार काही क्षणांत समोरून निघून जात असताना हाताची लय ढळू न देणे किती कठीण असेल, हे त्या वळणावर उभे राहिल्यावर नीट उमगते.

तुरिनला परतल्यावर मोले आंतोनेल्लियाना या उत्तुंग वास्तूतील राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय पाहिले. आलेस्सांद्रो आंतोनेल्ली या वास्तुविशारदाने १८६३ साली ज्यू समाजाच्या प्रार्थनागृहासाठी आरंभलेली ही इमारत पुढे नगरपालिकेने ताब्यात घेऊन पूर्ण केली. संग्रहालय येथे २००० सालापासून आहे. मधल्या दालनात ‘काबिरिया’ या १९१४ च्या ऐतिहासिक चित्रपटातील मोलोख देवतेची अवाढव्य मूर्ती आहे आणि पाहणाऱ्यांची गर्दी तिच्याभोवतीच जमते. ओमेन्यानेही अशा वैभवाला हातभार लावला होता. आम्ब्रोझिओ कंपनीचा १९०८ चा ‘पाँपेईचे अखेरचे दिवस’ त्याच्याच कॅमेऱ्यातून उतरला, आणि त्याच्या यशाने इटलीत ऐतिहासिक कथापटांची लाट आली. तो मी पूर्वीच पाहिला होता : एका जागी रोवलेला कॅमेरा, पूर्णाकृती नट, मागे रंगवलेले पडदे, आणि शेवटी धुराच्या लोटात सैरावैरा पळणारी माणसे.

त्याच वर्षी त्याने आणखी एक काम केले, आणि माझ्या मते ते कितीतरी अधिक धाडसाचे होते. तुरिनमधील मज्जाविकारतज्ज्ञ कामिल्लो नेग्रो यांच्या रुग्णांचे आजार त्याने चित्रित केले. फेब्रुवारी १९०८ मध्ये ते डॉक्टरांना पडद्यावर दाखवण्यात आले. थरथरणारे हात, अडखळणारी चाल, आणि डोळ्यांवर मुखवटा घातलेल्या एका स्त्रीला आलेला झटका अशी ती दृश्ये आहेत. संग्रहालयाने त्यांचा जीर्णोद्धार केला आहे. पाहताना मला अवघडल्यासारखे झाले, कारण मुखवटा चेहरा झाकत असला तरी आपल्या वेदनेचे असे प्रदर्शन व्हावे की नाही हे त्या स्त्रीला कोणी विचारले असेल, असे वाटत नाही. तरीही एरवी वर्णनाने ज्यांचे आकलन होत नाही अशा हालचाली जशाच्या तशा टिपून ठेवण्याचे सामर्थ्य कॅमेऱ्यात आहे, हे ओमेन्याने इतक्या लवकर ओळखले होते.

पो नदीच्या काठी वालेंतिनो उद्यान आहे. इटलीच्या एकीकरणाला पन्नास वर्षे झाल्यानिमित्त १९११ साली येथे आंतरराष्ट्रीय प्रदर्शन भरले आणि त्या प्रसंगी ओमेन्याच्या ‘फुलपाखरांचे जीवन’ या लघुपटाला पारितोषिक मिळाले. सुरवंट, कोश आणि पंख उलगडणारे फुलपाखरू एवढाच त्याचा विषय. या कामात त्याला साथ होती ती त्याचा नातलग, कवी ग्वीदो गोत्सानो याची. क्षयाने पोखरलेला गोत्सानो १९१२ साली समुद्रमार्गे मुंबईला आला होता आणि त्याने हिंदुस्थानच्या प्रवासावर लिहिले. १९१६ मध्ये वयाच्या अवघ्या बत्तिसाव्या वर्षी तो गेला. त्याच १९१२ मध्ये मुंबईत दादासाहेब फाळके वाटाण्याच्या रोपाची वाढ दररोज थोडी थोडी टिपत होते. ओमेन्या आणि फाळके यांचा एकमेकांशी काही संबंध नव्हता, परंतु आपल्या चित्रपटाचा आरंभही अशाच एका अंकुरापासून झाला हे आठवून त्या नदीकाठी मला फार आनंद झाला.

महायुद्धानंतर तुरिनचा चित्रपटधंदा ओसरला. ओमेन्या १९२६ मध्ये रोमच्या लुचे संस्थेत वैज्ञानिक विभागाचा प्रमुख म्हणून गेला. ही संस्था मुसोलिनीच्या राजवटीची प्रचारयंत्रणा होती, हे विसरता येत नाही. तिच्या वार्तापटांत हुकूमशहाची भाषणे गर्जत असताना त्याच छताखाली ओमेन्या सूक्ष्मदर्शकाला कॅमेरा जोडून वनस्पती आणि किड्यांचे जीवन टिपत होता. या संस्थेचा जुना चित्रसाठा आज इंटरनेटवर पाहता येतो. तुरिनला जाणाऱ्याने आधी तो चाळावा, मग सूझाचा रस्ता पाहावा आणि संग्रहालय शेवटी ठेवावे. म्हणजे मोलोखपाशी जमलेल्या गर्दीतही ओमेन्याच्या कामाची आठवण राहील. संग्रहालय मंगळवारी बंद असते, हे मात्र ध्यानात ठेवावे.