पापणी न लवता

रागाने बघायला कोणालाही येतं, पण कॅमेऱ्यासमोर नुसते डोळे वटारून भागत नाही. डोळे ताणले की भुवया वर चढतात, कपाळाला आठ्या पडतात आणि क्लोजअपमध्ये बाई चिडलेली नाही, दचकलेली दिसते. जपानी अभिनेत्री मेइको काजी भुवया जागच्या हलू देत नाही. हनुवटी जराशी खाली, नजर खालून वर, आणि पापणी स्थिर. सेटवरच्या दिव्यांच्या उष्णतेत असं टक लावून राहिलं की डोळे कोरडे पडतात, मग पाण्याने भरतात. सूड घ्यायला निघालेली बाई रडवेली दिसली की टेक गेला! त्यातच डोक्यावर रुंद कडांची काळी हॅट असेल तर डोळ्यांवर सावली पडते. प्रकाश खालून किंवा बाजूने आणावा लागतो, नाहीतर डोळ्यांच्या जागी दोन काळे खड्डे.

१९४७ साली टोकियोत जन्मलेली ही मासाको ओता १९६५मध्ये निक्कात्सु स्टुडिओत आली. मेइको काजी हे नाव तिला १९६९मध्ये मिळालं. पुढच्या वर्षी टवाळ तरुण-तरुणींच्या टोळ्यांवरची एक चित्रपटमालिका आली. पहिल्या भागाची नायिका गायिका अकिको वादा होती, पण मालिका पुढे काजीच्या नावावर चालली. १९७१मध्ये निक्कात्सुने कामुक चित्रपटांचा रस्ता धरला आणि काजी तोएई या दुसऱ्या स्टुडिओत गेली.

तिथे तिला ‘सासोरी’, म्हणजे विंचू, ही भूमिका मिळाली. मूळ कॉमिकमधली ही कैदी शिवराळ. काजीने अट घातली, संवाद जवळजवळ नकोत. दिग्दर्शक शुन्या इतोचा हा पहिलाच चित्रपट, तरीही त्याने ती मानली. नायिका बोलत नाही म्हटल्यावर गोष्ट सांगायला दुसरं काहीतरी लागतंच. इतोने नाटकासारखे फिरणारे सेट आणि एकाएकी बदलणारे रंग आणले. ऑगस्ट १९७२ ते डिसेंबर १९७३ या सोळा महिन्यांत चार भाग झाले. चौथा इतोचा नाही, यासुहारू हासेबेचा. आणि तो फरक जाणवतो. बाई तीच, शीर्षकगीत तिच्याच आवाजातलं, पण भोवतालचं जग साधं झालं की तिचं गप्प बसणं नुसतं गप्प बसणं उरतं.

त्याच डिसेंबरात ‘लेडी स्नोब्लड’ आला. दिग्दर्शक तोशिया फुजिता, निक्कात्सुतला तिचा जुना सहकारी. छत्रीच्या दांड्यात लपवलेली तलवार, पांढरा किमोनो आणि रंगाच्या डब्यातून थेट ओतल्यासारखं लालभडक रक्त. किमोनोत लांब ढांगा टाकता येत नाहीत, म्हणून अशा मारामारीत छोटी पावलं आणि कमरेतून घेतलेलं वळण यांवरच सगळा भार. अमेरिकी दिग्दर्शक टॅरंटिनोने २००३मध्ये ‘किल बिल’साठी इथूनच बरंच उचललं, काजीची गाणीसुद्धा.

परदेशी चाहते बहुतेक इथेच थांबतात. त्यांनी यासुझो मासुमुराचा १९७८चा ‘सोनेझाकी शिंजू’ बघावा. प्रियकरासोबत मरायला निघालेली त्यातली ओहात्सु भडाभडा बोलते, मोठ्याने, ठासून. जपानमध्ये अभिनयाचे मोठे पुरस्कार काजीला मिळाले ते या बोलक्या भूमिकेसाठी.