प्लायटीशियल कारवी आणि ‘दर सात वर्षांनी’ची भानगड

ऑगस्ट संपत आला की ट्रेकच्या ग्रुपवर तो मेसेज येतोच, "सात वर्षांतून एकदाच फुलणारी कारवी यंदा फुलली आहे, चुकवू नका", सोबत जांभळ्या डोंगराचा फोटो आणि खाली कुठल्यातरी टूरवाल्याचा नंबर. आणि दरवर्षी येतो! मग कोणीतरी विचारतंच की अरे सात वर्षांतून एकदा ना, मग मागच्या वर्षी काय होतं? त्याचं उत्तर सोपं आहे, प्रत्येक डोंगराचं कॅलेंडर वेगळं. एका भागातली कारवी एकदम फुलते, पण पलीकडच्या खोऱ्यातली दुसऱ्याच वर्षी फुलू शकते, शिवाय वेळापत्रक न पाळणारी चार-दोन चुकार झुडपं सगळीकडेच असतात, त्यामुळे सह्याद्रीत कुठे ना कुठे थोडीफार दिसते.

मला खटकतं ते वेगळंच. "दर सात वर्षांनी फुलते" म्हटलं की डोळ्यासमोर काय येतं, तर तेच झुडूप फुललं, मग सात वर्षं गप्प बसलं, मग परत फुललं. तसं नाहीये हो. कारवीचं झुडूप आयुष्यात एकदाच फुलतं, बी धरतं आणि मरून जातं. पुढच्या खेपेला जो डोंगर जांभळा दिसतो ती त्यांची पोरं. पेपरवाले, टूरवाले, रीलवाले सगळे पहिला अर्धा भाग सांगतात आणि दुसरा खाऊन टाकतात.

आणि या पूर्ण प्रकाराला, म्हणजे फुलणं अधिक मरणं अधिक सगळ्यांनी मिळून करणं, वनस्पतीशास्त्रात एक विशेषण आहे. प्लायटीशियल. इंग्रजी डिक्शनऱ्यांमध्येही सहज सापडत नाही, फोनवर टाइप केलं की ऑटोकरेक्ट वेड लागल्यासारखं करतं, आणि बॉटनी केलेल्या माझ्या दोन मित्रांना विचारलं तर एकाने "हे पॉलिएस्टरचं काही आहे का" असं विचारलं. पण शब्द खरा आहे आणि तो वापरला जातो तो मुख्यतः कारवीच्याच गोतावळ्यासाठी, म्हणजे कारवी ज्या वंशात येते त्या स्ट्रोबिलँथिससाठी आणि जवळच्या वनस्पतींसाठी. मुळात ग्रीक. एटोस म्हणजे वर्ष, त्यावरून एटेसिओस म्हणजे दरवर्षीचं. ग्रीसच्या समुद्रावर उन्हाळ्यात नेमाने वाहणाऱ्या वाऱ्यांना एटेशियन वारे म्हणतात ते यावरूनच. आणि पुढचं प्लाय म्हणजे ‘जास्त’. थोडक्यात एकापेक्षा जास्त वर्षांचा कारभार.

आता नुसता बहुवर्षीय एवढाच अर्थ असता तर या शब्दाची गरजच नव्हती. त्यात चार अटी आहेत आणि चारही एकदम लागू व्हाव्या लागतात. झाड बरीच वर्षं जगणारं हवं, कळपाने वाढणारं हवं, म्हणजे अख्खा उतार त्याच एका जातीचा, मग मोठ्या खंडानंतर सगळ्यांनी एकाच मोसमात फुलायला हवं, आणि बी धरून झाल्यावर सगळ्यांनी मरायला हवं. यातली एक जरी अट गळली तरी दुसरा शब्द शोधा.

आणि इथेच मजा आहे, कारण दुसरे शब्दही आहेत आणि लोक ते एकमेकांच्या जागी बिनधास्त ठोकतात. मोनोकार्पिक म्हणजे एकदाच फळून मरणारं, बस एवढंच. मग ते एका पावसाळ्यात संपणारं तेरड्याचं रोप असो नाहीतर बांधावरचं घायपात असो. घायपात वर्षानुवर्षं काटेरी पानं घेऊन बसतं, मग एके वर्षी मधून खांबासारखा दांडा काढतं, फुलतं आणि वाळतं. पण शेजारचं घायपात त्याच वर्षी फुलेल असं काही नाही, ज्याचा त्याचा हिशोब. म्हणजे मोनोकार्पिक हो, प्लायटीशियल नाही. कोकणातला भेरली माडही तसाच. तो वाढ पूर्ण झाली की शेंड्याकडून खाली खाली फुलोऱ्याच्या झिपऱ्या सोडत येतो, शेवटची खालची झिपरी संपली की माड संपला. ताडामाडांच्या अभ्यासात त्याला हापाक्झँथिक म्हणतात, अर्थ तोच, एकदाच फुलून मरणारा. तोही एकटा फुलतो, एकटा मरतो.

प्राण्यांकडे गेलात तर तिथे सेमेलपॅरस, म्हणजे एकदाच वीण करून मरणारे. हा शब्द लॅमाँट कोल नावाच्या अमेरिकन शास्त्रज्ञाने १९५४ साली आणला, ग्रीक पुराणातल्या सेमेलीवरून, जी झ्यूसचं खरं रूप बघायचा हट्ट धरून बसली आणि त्याच्या विजेने जळून गेली. पॅसिफिकमधले सामन मासे नदीत उलटे पोहत जाऊन अंडी घालतात आणि मरतात, ते सेमेलपॅरस. हल्ली हा शब्द झाडांनाही लावतात. प्लायटीशियल मात्र सामनला लावलेला मी तरी कुठे वाचला नाही.

बरं, हे सगळं परदेशी वाटत असेल तर आपल्याकडे अमरसिंहाच्या अमरकोशात, म्हणजे जुन्या संस्कृत शब्दकोशात, एक ओळ आहे, "ओषध्यः फलपाकान्ताः". फळ पिकलं की जिचा अंत होतो ती ओषधी. म्हणजे भात, गहू, नाचणी वगैरे. ही मोनोकार्पिकची व्याख्याच झाली की, आणि तीसुद्धा एका समासात! केळीलाही संस्कृतात सकृत्फला असं एक नाव आहे, एकदाच फळणारी. घड उतरवला की ते खोड तोडायचं हे परसात केळी असलेल्या कुठल्याही घरात माहीत असतं, खाली मुनवे असतात ते पुढचं बघतात. फक्त अमरसिंहाच्या व्याख्येत वर्षांची अट नाही आणि कळपाची पण नाही. त्यामुळे प्लायटीशियलला मराठी शब्द पाहिजे असेल तर फलपाकान्ताला अजून दोन-तीन शेपट्या जोडाव्या लागतील आणि मग ते सरकारी परिपत्रकासारखं दिसेल. मी आपला प्लायटीशियलच म्हणतो.

आता कारवीकडे. सह्याद्रीत फिरलेल्या माणसाला ती न फुललेल्या अवस्थेत जास्त माहीत असते. घसाऱ्याच्या वाटेवर पाय सटकला की हात जातो तो कारवीच्या बुंध्यावर. डोक्याच्या वर जाणारी, दाट, खरखरीत मोठ्या पानांची, खोडावर बारीक बारीक फोड आल्यासारखं. तिच्या शास्त्रीय नावातलं कॅलोसा ते या निबर सालीमुळेच. पावसाळ्यात हिरवीगार, उन्हाळ्यात नुसत्या काटक्या, बघणाऱ्याला वाटेल मेलीच. आदिवासी पाड्यांवर याच काठ्या एकाला एक लावून बांधतात, वरून शेणामातीने लिंपतात, की कुडाची भिंत तयार. मला कायम वाटतं की कारवीचं खरं काम भिंतीचं आहे आणि फूल हा बोनस, पण फोटो निघतात बोनसचेच.

तिच्या नावाची पण एक गंमत आहे. ब्रेमेकाम्प नावाच्या डच वनस्पतीशास्त्रज्ञाने १९४४ मध्ये स्ट्रोबिलँथिसचा अवाढव्य पसारा फोडून लहान लहान वंश केले, तेव्हा आपल्या कारवीला जो वंश दिला त्याचं नावच कार्व्हिया ठेवलं. म्हणजे आपल्या डोंगरातला शब्द थेट लॅटिनमध्ये. पुढे बऱ्याच जणांनी ते सगळे तुकडे परत स्ट्रोबिलँथिसमध्येच टाकले, त्यामुळे पुस्तकाप्रमाणे नाव बदलतं, कुठे कार्व्हिया कॅलोसा, कुठे स्ट्रोबिलँथिस कॅलोसा. झाड तेच.

फुलं ऑगस्ट-सप्टेंबरात, निळसर जांभळी, नरसाळ्याच्या आकाराची. मधमाश्यांची चंगळ. महाबळेश्वरकडे कारवीचा मध म्हणून जो मिळतो तो गडद आणि दाट असतो. पण माझ्या मते खरा तमाशा त्यानंतर आहे आणि तो बघायला कोणी जात नाही. फुलं गळतात, बोंडं धरतात, ती झाडावरच वाळतात आणि अख्खा उन्हाळा तशीच राहतात. मग पुढच्या वर्षी पहिला पाऊस पडतो, वाळकं बोंड ओलावा शोषतं आणि फट्‌ करून फुटतं, बी लांब उडतं. एक नाही, उतारावरची सगळी! रान तडतडत असतं. लहानपणी रुएलियाच्या वाळक्या शेंगा थुंकी लावून तळहातावर फोडल्या असतील तर कळेल मी काय म्हणतोय, ती रुएलिया आणि ही कारवी एकाच कुळातल्या, अडुळसा आणि कोरांटी पण त्यातच.

आता जरा हिशोब करू, कारण ‘सात की आठ’ यावर लोक भांडतात. बोरिवलीच्या नॅशनल पार्कात कारवी २००८ ला फुलली आणि मग २०१६ ला. मधे आठ वर्षं. मग सात कुठून आले? तर २००८ च्या फुलांचं बी फुटलं २००९ च्या पहिल्या पावसात, रोपं उगवली २००९ मध्ये, आणि ती फुलली २०१६ मध्ये. झाडाचं वय सात, दोन बहरांमधलं अंतर आठ. हा हिशोब माझा, पण मला तरी पटतो. सात म्हणणारे पण बरोबर, आठ म्हणणारे पण बरोबर, फक्त एक जण झाडाचं वय सांगतोय आणि दुसरा डोंगराचं कॅलेंडर. आणि हा घोळ मुळात होतो तो तेच झुडूप परत फुलतं असं धरून चालल्यामुळे.

सगळ्यांनी एकदम का फुलायचं, याचं सगळ्यात जास्त मानलं जाणारं उत्तर डॅनियल जॅन्झेन या अमेरिकन शास्त्रज्ञाने बांबूंच्या बाबतीत १९७६ साली मांडलं. दरवर्षी थोडं थोडं बी टाकलं तर उंदीर, घुशी, रानकोंबड्या, किडे सगळं फस्त करणार. त्यापेक्षा बरीच वर्षं काहीच द्यायचं नाही, खाणाऱ्यांची संख्या वाढूच द्यायची नाही, आणि मग एके वर्षी एवढं बी ओतायचं की खाऊन खाऊन पोटं फुटली तरी उरलं पाहिजे. पंगतीला दहा माणसं आणि बुंदी हजाराची, असा प्रकार. यात मधेच एकट्याने फुलणारं झाड मार खातं, कारण त्याचं सगळं बी भुकेल्या तोंडांच्या हाती लागतं. म्हणून कळपाची अट आणि एकाच वेळची अट या दोन्ही एकमेकींना धरून आहेत.

बांबूचं नाव निघालंच आहे तर ते पण बघू, कारण तो बऱ्यापैकी चारही अटींत बसतो, पण त्याला प्लायटीशियल म्हणणारे कमी, सामूहिक फुलोरा असंच जास्त लिहितात. बांबू फुलला की दुष्काळ येतो असं आपल्याकडे जुनी माणसं म्हणायची आणि मिझोराममध्ये ते अक्षरशः घडलंय. तिथला मेलोकॅना बांबू साधारण ४८ वर्षांनी फुलतो, त्याला तिकडे माउताम म्हणतात, म्हणजे बांबूचं मरण. नावातच मरण आहे बघा, फुलांचा उल्लेखही नाही. बी पडलं की उंदीर माजतात, बी संपलं की ते शेतात घुसतात. १९५८-५९ च्या माउताममध्ये मोठा दुष्काळ पडला, मदतीसाठी लालडेंगा या मिझो नेत्याने मिझो नॅशनल फॅमिन फ्रंट उभा केला, १९६१ मध्ये त्यातला ‘फॅमिन’ गळला आणि राजकीय पक्ष झाला, १९६६ मध्ये सशस्त्र उठाव, आणि शांतता करार झाला तो १९८६ मध्ये. नंतरचा माउताम २००६ ते ०८ च्या सुमाराचा.

उलट बाजूला, काही फुलांना हे विशेषण फुकटात मिळतं. सोसायटीतल्या कुंडीत रात्री फुलणारं ते पांढरं ब्रह्मकमळ, ज्याच्याखाली उदबत्ती लावून फोटो काढतात आणि "चौदा वर्षांतून एकदा" असं स्टेटस ठेवतात, ते निवडुंगाच्या जातीचं आहे आणि धड वाढलं तर दरवर्षी फुलतं, एका मोसमात दोनदा-तीनदासुद्धा, आणि मरत वगैरे अजिबात नाही. कासच्या पठारावर पण लोक सगळंच सात वर्षांचं समजतात. तिथली सात वर्षांची ती टोपली कारवी, उपडी टोपली ठेवल्यासारखी गोल ठेंगणी झुडपं असतात ती. बाकी सोनकी, मिकी माऊस म्हणतात ती पिवळी फुलं वगैरे दरवर्षीची. शिवाय स्ट्रोबिलँथिसच्या साडेतीनशेच्या आसपास जाती आहेत आणि त्यातल्या काही दर वर्षी फुलतात, त्यामुळे नुसतं स्ट्रोबिलँथिस दिसलं म्हणून प्लायटीशियल म्हणून मोकळं होता येत नाही.

म्हणताना झाडाला म्हणायचं, फुलाला नाही. ‘प्लायटीशियल फूल’ हे तसं निरर्थक आहे, प्लायटीशियल असते ती जात किंवा तिचा जीवनक्रम. आणि ही चैन नाही, याचा उपयोग आहे. मोगऱ्याची फुलं तोडली तर उद्या परत येतील. कारवीचे तुरे सेल्फीसाठी ओरबाडले तर त्या झुडपाला दुसरी संधीच नाही, त्याचं सगळं आयुष्य त्या एका तुऱ्यात असतं.

दक्षिणेतली नीलकुरिंजी या सगळ्यात सेलिब्रिटी, तीही स्ट्रोबिलँथिसच, बारा वर्षांची. २००६ ला फुलली, २०१८ ला फुलली, पण २०१८ च्या ऑगस्टमध्ये केरळात तो भयंकर पूर आला आणि मुन्नारची बुकिंगं धडाधड कॅन्सल झाली. आता पुढचा बहर २०३० ला. ती २०१९ च्या आसपास रुजलेली नवी झाडं असणार, २०१८ वाली नाहीत, एवढं तरी तेव्हाच्या पोस्टमध्ये लोकांनी लिहावं. हॉटेलवाले काय रेट लावतील ते मात्र आत्ताच सांगता येतं.