कुत्र्याच्या उंचीवरून पारखलेली गाडी

नाशिक, मेचा तिसरा आठवडा

सोमवार

छोटं मोटरहोम, म्हणजे आत राहता-झोपता येईल अशी गाडी, बघायला गेलं की विकणारा आधी पलंग उघडून दाखवतो. मग टीव्ही, मग छतातले निळे दिवे. दोन मोठी माणसं, दोन मुलं आणि पंचवीसेक किलोचा कुत्रा एवढ्यांसाठी गाडी पारखायची असेल तर पहिला अर्धा तास पलंगाकडे बघूच नये. सरळ खाली बसावं. डोकं जमिनीपासून दीड फुटावर आलं की दाराची पायरी, सायलेन्सरवरची तापणारी फरशी, गॅस साचेल तो कोपरा, प्लायच्या सांध्यात मुरलेली ओल हे सगळं नजरेला पडतं. कुत्र्याला जिथं त्रास होतो तिथं माणसालाही होतोच. माणूस फक्त दार उघडून बाहेर पडू शकतो.

पायाभूत गाडी, म्हणजे जिच्यावर मोटरहोम बांधलंय ती, कोणती, हा पहिला प्रश्न. मारुती ईको ३६७५ मिमी लांब आणि १८२५ मिमी उंच. सोसायटीच्या तळघरात जाते, जुन्या नाशकातल्या बोळांतही अडत नाही. पण आत दोघांनाच झोपता येतं, मुलांसाठी तंबू लागतो आणि उभं राहून कपडे बदलायचा प्रश्नच नाही. फोर्स ट्रॅव्हलरमध्ये ताठ उभं राहता येतं, म्हणूनच बहुतेक बांधणारे तीच घेतात. मात्र ती अडीच मीटरच्या आसपास जाते, वर सोलर आणि छताचा पंखा आला की आणखी वाढते. तळघराच्या तोंडावरची उंचीची पाटी आधी वाचावी. टाटा विंगर पुढच्या चाकांवर चालते, खालून मागच्या चाकांना फिरवणारा दांडा (प्रोपेलर शाफ्ट) जात नाही, त्यामुळे फरशी खाली राहते. म्हाताऱ्या कुत्र्यासाठी ही मोठी सोय. उलट बाजूही आहे: मागे वजन भरलं की ओल्या चढावर पुढच्या चाकांची पकड कमी होते.

पायरी ४० सेंटिमीटरची असेल तर दीड मीटरचा रॅम्प साधारण १५ अंशांवर बसतो आणि तो बहुतेक कुत्रे चढतात. मीटरभराचा रॅम्प ठेवायला सोपा, पण चढण दुप्पट वाटावी इतकी उभी होते.

सोमवार, रात्री

झोपण्याच्या जागा चार आणि सीटबेल्टचे पट्टे तीन, हे फार गाड्यांमध्ये दिसतं. आडव्या सोफ्यावर बसून प्रवास करायचा नाही, मग त्याला पट्टा असो वा नसो. समोर तोंड असलेली, पट्टा थेट गाडीच्या सांगाड्याला बांधलेली आसनं मोजायची. जितकी आसनं, तितकीच माणसं. मोटार वाहन कायद्याच्या १९४-ब कलमात बिनपट्ट्याला १,००० रुपये दंड आहे. १४ वर्षांखालच्या मुलाला पट्ट्याशिवाय किंवा बालआसनाशिवाय नेलं तरी तेवढाच. दंड सोडा, प्लायच्या खोक्याला चार स्क्रूंवर लावलेला पट्टा जोरात ब्रेक लागला की खोक्यासकट हातात येतो.

कुत्र्यालाही तोच नियम. पट्टा गळ्यातल्या कॉलरला अडकवायचा नाही, छातीच्या हार्नेसला. कडी फरशीतून आरपार बोल्टनं बसलेली आणि खालून लोखंडी पट्टी लावलेली हवी. पिंजरा असेल तर तो अशा दोन कड्यांना बांधायचा. जागा पुढच्या आणि मागच्या चाकांच्या मध्ये. मागच्या चाकांच्या पलीकडे गाडी सर्वांत जास्त झुलते, उलट्या तिथंच होतात, मुलांना आणि कुत्र्यालाही. निघण्याआधी तीन-चार तास कुत्र्याला जेवण नको, पाणी चालेल.

मंगळवार

आजचा दिवस वजनकाट्याचा. पिंपळगाव बसवंतकडे कांदा-टोमॅटोच्या गाड्या जिथं तोलतात तिथं मोटरहोमही तोलून मिळतं. एवढा साधा उपाय असून वापरणारे थोडे. गाडी टाकी भरून, सामान भरून, माणसांसकट काट्यावर घालायची. आधी पूर्ण, मग फक्त पुढची चाकं, मग फक्त मागची. आरसी बुकात एकूण वजनाची मर्यादा लिहिलेली असते, तिच्यातून काट्यावरचं वजन वजा केलं की खरं चित्र दिसतं.

हिशेब असा. दोन मोठी माणसं १४० किलो, दोन मुलं ६०, कुत्रा २५. पाणी ६० लिटर म्हणजे ६० किलो. कपडे, भांडी, गाद्या, खुर्च्या, कुत्र्याचा खुराक मिळून शंभरेक. झाले पावणेचारशेच्या वर, आणि अजून लाकूडकाम धरलेलं नाही. घरातली मॉड्युलर किचनं करणारा सुतार गाडीतही १८ मिमीचं प्लाय वापरतो. ८ बाय ४ चा असा ताव साधारण ३७ किलो भरतो. १२ मिमीचा २५. सहा तावांत सत्तर किलोंचा फरक पडतो, म्हणजे एक अख्खा माणूस. ओट्यावर ग्रॅनाइट घालणारेही भेटतात. चार फूट बाय दोन फूट, २० मिमी जाडीचा तुकडा ४० किलोंचा, आणि खड्ड्यागणिक तो खालच्या कपाटाचे सांधे उकलत राहतो.

ओटा, टाकी, बॅटरी, फ्रिज हे सगळं एकाच बाजूला असेल तर गाडी त्या बाजूला झुकते. सपाट जागी उभी करून चारही चाकांच्या कमानींची जमिनीपासूनची उंची टेपनं मोजावी. डावी-उजवीत दोन सेंटिमीटरचा फरक आला तर पाटे (चाकांवरच्या स्प्रिंगा) बसले आहेत किंवा मांडणी चुकली आहे. टायरवरचा चार आकडी शिक्काही लगेच वाचून घ्यावा: २३२१ म्हणजे २०२१ सालचा २३ वा आठवडा. मोटरहोम वर्षातून फार दिवस उभंच असतं, त्यामुळे नक्षी शाबूत आणि बाजूचं रबर तडकलेलं, असे टायर नेहमी सापडतात.

बुधवार

याच आठवड्यात नाशकात सूर्य भर दुपारी जवळजवळ डोक्यावर येतो, कारण शहर २० अंश अक्षांशावर आहे. बाजूच्या पत्र्यांपेक्षा छत भाजतं. त्यामुळे गाडी बघायची तर दुपारी दोन वाजता, उन्हात. सकाळी नऊला एसी लावून ठेवलेली गाडी दाखवणाऱ्याला नम्रपणे सांगावं की दुपारी परत येतो.

बंद गाडीत बाहेर २१ अंश असताना अर्ध्या तासात आत ४० होतात. बाहेर ३८ असतील तर आतलं तापमान पन्नाशीपार जातं. काच दोन बोटं खाली ठेवल्यानं फारसा फरक पडत नाही. कुत्र्याचं नेहमीचं तापमान ३८ ते ३९ अंश, आणि त्याला आपल्यासारखा घाम येत नाही. तो धापेवर, तोंडातल्या ओलाव्यावर गार होतो. जूनमध्ये हवा दमट झाली की तेही कमी पडतं. पग, शित्झू असल्या चपट्या नाकाच्यांचं तर आणखी लवकर बिघडतं. जीभ गडद लाल, लाळ घट्ट, चाल अडखळती दिसली की सावलीत नेऊन पोट, काखा आणि पाय साध्या पाण्यानं भिजवावेत, वारा घालावा आणि डॉक्टर गाठावा. बर्फ नको.

म्हणून छत आधी. पत्र्याच्या आत किमान २० मिमीचा नायट्राइल फोम हवा, आणि लोखंडी कमानींवरूनही तो गेलेला हवा. कमानी उघड्या सोडल्या तर उष्णता तिथूनच आत उतरते. तपासायला सोपं: छताच्या आतल्या अस्तरावर तळहात फिरवायचा. फूट-दोन फुटांवर गरम पट्टे लागले की समजावं. पुढच्या काचेला आतून लावलेली चंदेरी शीट निम्मंच काम करते, कारण ऊन तोवर काचेतून आत आलेलं असतं. बाहेरून लावायचं झाकण हवं. छताचा पंखा हवा बाहेर फेकणारा असावा आणि त्याच्या समोरच्या टोकाची खिडकी खाली, कुत्र्याच्या पातळीवर उघडावी. पंखा आणि खिडकी शेजारी-शेजारी असतील तर हवा तिथल्या तिथं फिरते आणि फरशीवरचा जीव कोंडतो.

दाराची बाजू आपल्याकडे डावी, बाहेर ताणायचं सावलीचं कापड त्याच बाजूला. दुपारनंतर मुक्काम टाकताना गाडीची उजवी बाजू पश्चिमेला करावी म्हणजे दार पूर्वेला येतं आणि गाडीचीच सावली दारापुढे पडते. मग फरशी. तासभर चालवून आणल्यावर हात लावून बघावी. सायलेन्सरच्या वरची पट्टी हमखास गरम लागते. कुत्र्याची गादी तिथं नको.

सप्तशृंगी गडावर किंवा त्र्यंबकेश्वराच्या देवळात कुत्रा जाणार नाही, नांदूर मध्यमेश्वर अभयारण्यातही नाही. तेव्हा दर्शन दोन पाळ्यांत. तापमान मोबाइलवर कळवणारं यंत्र मिळतं, चांगलंही असतं, पण ते सिमवर चालतं. रेंज गेली की ते गप्प बसतं आणि आपल्याला वाटतं सगळं ठीक आहे.

गुरुवार

कालच्याच धाग्यात वीज. ‘एसी लावून कुत्र्याला आत ठेवा’ असं सांगणाऱ्यानं बेरीज केलेली नसते. १२.८ व्होल्ट, १०० अँपिअर-अवरची लिथियम आयर्न फॉस्फेट बॅटरी म्हणजे १,२८० वॉट-अवर, सव्वा युनिट. एक टनाचा एसी ती तासाभरात संपवतो. तीच बॅटरी ४० लिटरचा कॉम्प्रेसर फ्रिज दिवसभर, म्हणजे सुमारे ६००, छताचा पंखा बारा तास, सुमारे ३५०, आणि दिवे-मोबाइल दीडशे, इतकं जेमतेम ओढते. ढगाळ दिवसासाठी शिल्लक काही नाही. कुटुंबाला २०० अँपिअर-अवर धरावी.

सावली आणि सोलर यांचं पटत नाही, हे ब्रोशरमध्ये कुठं नसतं. छतावरचं २०० वॉटचं पॅनेल स्वच्छ उन्हात दिवसाला सातशे-आठशे वॉट-अवर देतं. कुत्र्यासाठी गाडी आंब्याखाली लावली की ते जवळजवळ शून्यावर येतं. म्हणून शंभर-सव्वाशे वॉटचं घडीचं पॅनेल आणि दहा मीटर वायर घ्यावी. गाडी सावलीत, पॅनेल उन्हात. आषाढात इगतपुरीकडे दोन्ही निरुपयोगी, तेव्हा चालत्या गाडीवर चार्ज करणारा ३० अँपिअरचा डीसी-डीसी चार्जर लागतोच. बॅटरी थेट अल्टरनेटरला, म्हणजे इंजिनावर फिरून वीज करणाऱ्या यंत्राला, जोडू नये. लिथियम बॅटरी मिळेल तेवढा करंट ओढते आणि अल्टरनेटर तापून जळतो. पाच मीटर अंतराला १६ चौरस मिमीची तांब्याची वायर हवी. सहाची टाकली तर येता-जाता पाऊण व्होल्टपेक्षा जास्त वाटेतच जातो. फ्यूज बॅटरीपासून वीतभर अंतरात.

शेतघरावर किंवा लॉजवर वीज घ्यायची तर आधी सॉकेट टेस्टर लावावा. अर्थिंग नसलेले पॉइंट पुष्कळ असतात. गाडीत ३० मिलिअँपिअरचा आरसीसीबी, म्हणजे वीज गळली की पुरवठा तोडणारा स्विच, नसेल तर किमतीतून तो वजा करून बोलावं.

शुक्रवार

पाणी: पिणं, स्वयंपाक, भांडी मिळून माणशी दहा-बारा लिटर दिवसाला, अंघोळ वेगळी. कुत्र्याला किलोमागे ५० मिली, उन्हात जास्त. टाकीत आडवे पडदे नसतील तर वळणावर पाणी एका बाजूला धडकतं. पायानं चालवायचा पंप मुलांना पाणी मोजून वापरायला लावतो, विजेचा पंप नाही.

गॅस हवेपेक्षा जड, गळला की फरशीवर साचतो, म्हणजे कुत्र्याच्या नाकाशी. ५ किलोची टाकी उभी, बाहेरून उघडणाऱ्या बंद कप्प्यात, आणि कप्प्याच्या तळाला जमिनीकडे उघडं भोक. रबरी नळीवरची तारीख बघावी. घरगुती १४.२ किलोची टाकी पलंगाखाली दिसली तर पुढचं बघायची गरज नाही.

संडास: २० लिटरची कॅसेट (काढून नेता येणारी मैल्याची टाकी) चौघांना दीड-दोन दिवस. ती रिकामी करायची ती संडासातच, नाल्यात किंवा गोदेच्या काठी नव्हे.

गोचीड: गवतावरच्या मुक्कामानंतर कान, काखा, बोटांमधल्या फटी तपासाव्यात. पलंगावर फिकट रंगाची चादर असली तर दिसतात तरी. रेबीजच्या लशीचं कार्ड गाडीच्या कागदांतच ठेवावं.

शनिवार

कागद. जुनी स्कूल व्हॅन घेऊन आत पलंग बसवलेली गाडी स्वस्त पडते, पण आरसीवर अजून बसच लिहिलेलं असतं. मोटार वाहन कायद्याच्या ५२ कलमाखाली परवानगीशिवाय असा बदल चालत नाही. १८२-अ मध्ये मालकाला बदलामागे ५,००० रुपये दंड किंवा सहा महिन्यांपर्यंत कैद आहे. शिवाय विमा कंपनीला बदल कळवलेला नसेल तर दाव्याच्या वेळी हात वर होतात. मोटर कॅरॅव्हॅनसाठी, म्हणजे मोटरहोमसाठी, एआयएस-१२४ हे मानक आहे. बांधणाऱ्याकडे त्यानुसार मंजुरी आहे का, हे कागदावर मागावं, तोंडी नको. पेठ रोडच्या आरटीओत जाऊन आरसीवरचा वर्ग आणि आसनसंख्या जुळवावी आणि मगच बयाणा द्यावा. परवान्याची अडचण सहसा नसते, ७,५०० किलोंपर्यंत हलक्या वाहनाचा चालतो.

दुपारी घाट. ५ जून २०२५ पासून समृद्धी महामार्गाचा इगतपुरी-आमणे टप्पा सुरू झाल्यानं कसारा घाट टाळता येतो, पण चाचणीला कसाराच हवा, टाक्या भरून. ज्या गिअरमध्ये गाडी चढेल त्याच गिअरमध्ये उतरवायची. खाली पोचल्यावर उतरून चारही चाकांजवळ वास घ्यावा. एकाच चाकाला जळका वास आला तर तो ब्रेक धरतोय. वाटेत कपाटांची दारं उघडली, ड्रॉवर सरकले, भांडी वाजली, सगळं लिहून ठेवावं. घाटात न वाजणारी गाडी समृद्धीवर आडव्या वाऱ्यात मात्र ओढू शकते. उंच गाडीला तिथं ऐंशीच बरी.

रविवार, पहाट

विकत घ्यायच्या आधी भाड्यानं किंवा मालकाच्या परवानगीनं एक रात्र आत काढावी, अंगणातसुद्धा चालेल. आदल्या संध्याकाळी छतावर आणि खिडक्यांच्या कोपऱ्यांवर वीस मिनिटं पाइपनं पाणी सोडावं. कोपऱ्यातलं प्लाय बोटानं दाबून मऊ लागलं तर त्र्यंबकच्या पावसात काय होईल ते कळतं. सिलिकॉननं लिंपलेल्या फटी पुन्हा नीट करणं कटकटीचं, कारण सिलिकॉनवर दुसरं काही चिकटत नाही. पॉलीयुरेथेन सीलंट असेल तर बरं. चार माणसं आणि कुत्रा रात्रीत लिटरभर वाफ सोडतात. निफाडच्या डिसेंबरात ती काचेवरून थेट गादीत उतरते, म्हणून थंडीतही छताची खिडकी बोटभर उघडी.

पहाटे उठल्यावर दिवा लावायच्या आधी कुत्रा कुठं झोपलाय ते बघावं. त्याला दिलेली गादी सोडून तो बहुधा दुसरीकडेच असतो, दाराच्या फटीशी नाहीतर पुढच्या दोन आसनांच्या मध्ये. त्या जागी खडूनं खूण करावी. कडी, पाण्याची वाटी आणि खाचांची रबरी चटई तिथं बसवायची, आणि सुताराकडून कपाट त्यापुढे चार इंच मागे घ्यायचं.