टू मी टू ब्रदर्स आर

आठवीत जाईपर्यंत मला तीनच 'इंटर' माहीत होते. थोरले काका 'इंटर नापास' होते, चित्रकलेच्या ग्रेड परीक्षेत एलिमेंटरीनंतर इंटरमिजिएट असायची, आणि टॉकीजमधला इंटरव्हल. चौथा इंटर आमच्या इंग्रजीच्या सरांनी भर वर्गात फेकला.

तास केवलप्रयोगी अव्ययांचा होता. सर फळ्याकडे तोंड करून काहीतरी लिहीत होते. अचानक वळले आणि हातातला खडूचा तुकडा मुलामुलींच्या रांगांमधल्या बोळात भिरकावला. तो बाकाच्या लोखंडी पायावर टणकन आपटून माझ्या नडगीवर आला. मी ओरडलो, "आई गं!" सर खूश. "हेच! इंटर म्हणजे मधे, जेक्शन म्हणजे फेकणं. मी मधे खडू फेकला, यानं मधे शब्द फेकला. इंटरजेक्शन." पुढे तो शब्द आमच्या वर्गात कुणालाच घोकावा लागला नाही.

मग सरांना चेवच चढला. इंटरोगेटिव्हमधलं 'रोगारे' म्हणजे लॅटिनमध्ये विचारणं. इंटरव्हलमधला 'वॅलम' म्हणजे तटबंदी, म्हणून इंटरव्हल म्हणजे दोन तटांमधली जागा. (त्या जागेत आम्ही बटाटेवडे खायचो.) संस्कृत आम्हाला त्याच वर्षी सुरू झालं होतं. बाईंनी 'अंतर्' शिकवला त्याच आठवड्यात सर म्हणाले, "लग्नातला अंतरपाट पाहिलाय ना? तो अंतर आणि हा इंटर चुलतभाऊ आहेत." संस्कृत, ग्रीक आणि लॅटिन एकाच मुळातून आल्या असाव्यात, हे विल्यम जोन्स या इंग्रज भाषा-अभ्यासकानं १७८६ मध्ये कलकत्त्यात सांगितलं होतं, तेही सरांनीच सांगितलं. घरी जाऊन मी हे आजीला ऐकवलं. ती म्हणाली, "मग मंगलाष्टकं इंग्रजीत म्हणायची की काय आता?"

पण मला आज लिहायचंय ते वहीबद्दल. पाचवीपासून इंग्रजी शिकूनही मी निबंधात लिहिलं होतं, 'टू मी टू ब्रदर्स आर.' मला दोन भाऊ आहेत! सरांनी त्यावर लाल रेघ ओढली नाही. दोन ओळींमधल्या जागेत शिसपेनानं बारीक अक्षरात लिहिलं, 'आय हॅव', आणि त्याच्याखाली मराठीत, 'मला आहेत.' वर मला जवळ बोलावून म्हणाले, "हे वाक्य मराठीतून निघालंय, इंग्रजीत पोचायचंय. वाटेत आहे. वाटेतल्या माणसाला मारायचं नसतं."

एम.ए.ला भाषाविज्ञान घेतलं तेव्हा या वाटेला नाव असल्याचं कळलं. लॅरी सेलिंकर यांनी १९७२ मध्ये त्याला 'इंटरलँग्वेज' म्हटलं. शिकणाऱ्याची भाषा म्हणजे नुसता चुकांचा ढीग नसतो, तिला तिचे स्वतःचे नियम असतात. त्याआधी १९६७ मध्ये पिट कॉर्डर यांनीही शिकणाऱ्याच्या चुका मोलाच्या असतात, असं मांडलं होतं. मराठीत याला 'आंतरभाषा' म्हणतात. मला तो शब्द इस्त्री केलेला वाटतो, त्यापेक्षा सरांची 'वाट' बरी. ओळींच्या मधे अर्थ लिहिण्यालाही नाव आहे, इंटरलिनिअर. इंग्लंडमधल्या लिंडिसफार्न गॉस्पेल्स या लॅटिन पोथीत दहाव्या शतकात आल्ड्रेड नावाच्या पाद्र्यानं ओळींच्या मधे जुन्या इंग्रजीत प्रत्येक शब्दाचा अर्थ लिहून ठेवलाय. त्या पानाचं चित्र पहिल्यांदा पाहिलं तेव्हा मला आधी सरांचं शिसपेन दिसलं.

आता मी नाशिककडच्या द्राक्षबागांत परदेशी खरेदीदारांबरोबर दुभाषा म्हणून फिरतो. इंटरप्रीटर. हा शब्द ज्या 'इंटरप्रेस'वरून आला, त्याचा लॅटिनमध्ये एक अर्थ मध्यस्थ, दलाल असाही होता. बागाईतदारांना हे कुणी सांगावं लागत नाही. ते माझी ओळख सरळ "हे आमचे मधले" अशीच करून देतात.

गेल्या हंगामात एका पाहुण्यानं किलोचा भाव सांगितला. मी तो मराठीत सांगितला. बागेचे मालक, सत्तरीचे आप्पा, यांनी एक घड हातात घेऊन फिरवला, मणी दाबून पाहिला आणि जीभ टाळूला लावून 'च्च' केलं. बस, एवढंच. पाहुणा माझ्याकडे बघायला लागला. इंटरजेक्शन अगदी आमच्या दोघांच्या मधे येऊन पडलं होतं आणि उचलायचं मला होतं. क्षणभर थांबून मी इंग्रजीत म्हणालो, "त्यांना हा भाव मान्य नाही." पाहुण्यानं वही मिटली.

माझं इंग्रजी आप्पांना कळलं नव्हतं, पण वही मिटलेली दिसली. ते माझ्यावरच उखडले, "आरं, मी कुठं नाही म्हणलो?"